थिएटरच्या वेळा ठरवणाऱ्यांनो, सुमित्रा भावेंच्या सिनेमाला आठवड्यातली एक संध्याकाळ द्या

नमस्कार मंडळी,

कुठल्या स्क्रीनला कुठला पिक्चर लावायचा, किती वाजता लावायचा, सोमवारी कुठला उतरवायचा हे तुम्ही ठरवता. तुमची नावं पोस्टरवर येत नाहीत, आम्हाला माहीतही नसतात, पण आमच्यासारख्या सांगलीकडच्या माणसाला काय बघायला मिळणार आणि काय राहून जाणार हे बरंचसं तुमच्या हातात असतं म्हणून हे पत्र तुम्हाला लिहितोय. कुणा एका कंपनीला नाही, हे काम करणाऱ्या सगळ्यांनाच.

ऑक्टोबर २०१७ ची गोष्ट सांगतो. 'कासव' लागला होता. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर या दिग्दर्शक जोडीचा. त्याच वर्षी एप्रिलमध्ये त्याला सुवर्णकमळ जाहीर झालेलं, म्हणजे देशातला त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट चित्रपट, आणि मराठीत हे याआधी फक्त चार वेळा झालंय, 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ' आणि 'कोर्ट'. आमच्या जवळ कुठे नव्हता, तासाभरावर एका मल्टिप्लेक्सला होता, सकाळी सव्वाअकराचा एकच शो. घरी आजारी माणूस, त्यांच्याजवळ बायकोला बसवून मी, आई आणि माझी बहीण असे तिघं गाडी करून गेलो. आईने ठेवणीतली साडी नेसलेली. काउंटरवरचा मुलगा म्हणाला सर पाचच तिकिटं गेलीत, शो कॅन्सल झालाय, पैसे परत देतो नाहीतर दुसऱ्या पिक्चरला बसवतो. त्या पोराची काही चूक नव्हती, त्याला वरून आलेलं तेच तो सांगत होता आणि त्याला खरंच वाईट वाटत होतं हे दिसत होतं. दुसरे दोघं जण म्हणजे एक वयस्कर नवरा-बायको होते, तेही आमच्यासारखेच लांबून आलेले. आम्ही पाचही जण पाच-दहा मिनिटं तिथेच पोस्टरसमोर उभे राहिलो आणि बोलत बसलो, त्यांचा मुलगा दोन वर्षं डिप्रेशनमध्ये होता आणि 'कासव' त्याच विषयावरचा म्हणून ते आले होते. मग आपापल्या गाडीने परत.

आता एवढ्या लांब का गेलो हे सांगायला पाहिजे.

माझे वडील २०१४ पासून विसरायला लागले. आधी चष्मा, किल्ल्या, मग शब्द, मग माणसं. डॉक्टरांनी अल्झायमर सांगितलं, गोळ्या दिल्या आणि पुढच्या महिन्यात या म्हणाले. घरात कसं वागायचं हे कुणी सांगितलं नाही. आम्ही सगळे काय करायचो तर दिवसातून दहा वेळा त्यांच्यासमोर उभं राहून विचारायचो, दादा मी कोण, ओळखलंत का मला, सांगा बरं हा कोण. पाहुणे आले की तेही तेच. आम्हाला वाटायचं की विचारत राहिलं तर डोकं चालू राहील. दादा आमच्या तोंडाकडे बघायचे, ओठ हलवायचे, आणि मग खाली मान घालून धोतराचा काठ बोटांनी चाचपत बसायचे. पस्तीस वर्षं शाळेत शिकवलेला माणूस, त्याची आम्ही रोज तोंडी परीक्षा घेत होतो आणि रोज त्याला नापास करत होतो, हे आमच्या लक्षातच येत नव्हतं.

मग एका कॉलेजच्या हॉलमध्ये याच दोघांचा 'अस्तु' बघितला. प्लास्टिकच्या खुर्च्या, भिंतीवर पडदा, पंख्यांचा आवाज. तुमच्यातल्या काहींनी बघितला असेल, नसेल बघितला तर थोडक्यात सांगतो. चक्रपाणी शास्त्री नावाचे संस्कृतचे मोठे विद्वान, त्यांना अल्झायमर झालाय, डॉ. मोहन आगाशे यांनी केलंय ते काम. मुलगी इरा म्हणजे इरावती हर्षे त्यांना गाडीत बसवून जरा वेळ उतरते, तेवढ्यात त्यांना रस्त्यावर हत्ती दिसतो आणि ते उतरून त्याच्या मागे निघून जातात. एवढंच. इकडे घरचे शोधतायत आणि तिकडे हत्तीवाल्याची बायको चन्नम्मा, अमृता सुभाष, या परक्या म्हाताऱ्याला सांभाळते. तिची भाषा वेगळी, शास्त्र्यांचं संस्कृत तिच्या गावीही नाही, खायची भ्रांत तिलाच आहे. पण ती त्यांना एकदाही विचारत नाही की मी कोण. ती त्यांना लेकरू समजते आणि भरवते, आणि ते तिला आई समजतात आणि तेवढ्यावर दोघांचं चालतं.

माझी आई शेजारी बसलेली, तिने माझा हात घट्ट धरला. घरी गेल्यावर ती दादांसमोर बसली आणि पहिल्यांदाच ओळखलंत का असं न विचारता म्हणाली, अहो मी आलेय, चहा आणलाय. त्या दिवसापासून आमच्या घरात तो प्रश्न बंद झाला, पाहुण्यांनाही आम्ही दारातच सांगायला लागलो. दादा त्यानंतर तीन वर्षं होते. काही ओळखलं नाही त्यांनी शेवटी शेवटी, पण ती मान खाली घालणं थांबलं. कुठल्या गोळीने नाही, त्या सिनेमाने थांबलं.

आणि त्या हॉलमध्ये सिनेमा संपल्यावर कुणी उठलंच नाही. दिवे लागले, पाच मिनिटं सगळे गप्प, मग मागून एक बाई उभ्या राहिल्या आणि सासूबाईंबद्दल बोलायला लागल्या. मग एक रिटायर्ड ड्रायव्हर. दीड तास चाललं ते. शेवटी शिपायाला हॉल बंद करायचा होता म्हणून उठलो. त्यातल्या सात-आठ जणांचा आमचा अजून ग्रुप आहे.

आता हे असं का होतं, यांच्याच सिनेमात का होतं, यावर मी नंतर खूप वाचलं, मिळतील ते सिनेमे बघितले, आणि माझं उत्तर असंय की ते सुमित्रा भावे सिनेमात कुठून आल्या त्यात आहे. जन्म १९४३, पुण्याच्या. शिक्षण राज्यशास्त्र, समाजशास्त्र, मग मुंबईला टाटा इन्स्टिट्यूटमध्ये समाजकार्य, मग पुण्यात कर्वे इन्स्टिट्यूटमध्ये बरीच वर्षं शिकवलं, मध्ये दिल्लीला आकाशवाणीवर मराठी बातम्या दिल्या. फिल्म इन्स्टिट्यूट गावातच होतं पण त्या काही तिथल्या विद्यार्थिनी नाहीत. त्या वस्त्यांमधल्या बायकांवर संशोधन करत होत्या, दलित बायकांच्या तोंडून त्यांच्या आयुष्याच्या गोष्टी ऐकून त्याचं पुस्तकही केलं. आणि मग प्रश्न पडला की ज्या बायकांनी हे सांगितलं त्यांच्यापर्यंत हा अहवाल कसा पोचणार, त्यांना वाचता येत नाही. म्हणून सिनेमा. १९८५ ला 'बाई' नावाचा लघुपट केला, वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी, आधी कॅमेऱ्याशी काही संबंध नसताना, आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग 'पाणी', त्यालाही. सुनील सुकथनकर तेव्हापासून बरोबर, ते तेव्हा अगदी तरुण होते, पुढे तेच सहदिग्दर्शक, गाणी पण त्यांचीच. पस्तीस वर्षं दोघांनी मिळून काम केलं. इंडस्ट्रीतली तरुण मंडळी त्यांना सुमित्रामावशी म्हणायची.

म्हणजे बघा, सुमित्राताई सिनेमात आल्या त्या ऐकलेलं परत ज्याचं त्याला नेऊन द्यायला. हे माझ्या मते त्यांच्या सगळ्या शैलीचं मूळ आहे. त्यांच्या सिनेमात कुणी व्हिलन नसतो कारण ज्याने लोकांच्या घरात जाऊन तासन्‌तास ऐकलंय त्याला कळलेलं असतं की बहुतेक दुःखं कुणी एकाने मुद्दाम दिलेली नसतात. 'दोघी' घ्या, १९९५ चा, त्यांचा पहिला मोठा सिनेमा. लग्नाच्या दिवशीच नवऱ्याकडची माणसं अपघातात जातात आणि गौरीवर अपशकुनी म्हणून शिक्का बसतो, घर कर्जात, मामा तिला मुंबईला नेतो आणि ती जिथे पोचते तिथून घरी पैसे पाठवत राहते. ते पैसे घर घेतं. पण तिला घरात घ्यायचं का, यावर आई अडते. उत्तरा बावकर यांनी केलेली ती आई दुष्ट अजिबात नाही, आणि म्हणूनच तो सिनेमा बघताना आपल्याला बसल्या जागी चुळबुळ होते. सोनाली कुलकर्णी आणि रेणुका दफ्तरदार दोघी बहिणी. एकदा बघाच.

मग एकामागून एक. 'वास्तुपुरुष' कूळकायद्यानंतर वतनदारी गेलेल्या घराचा, आईला मुलगा डॉक्टरच व्हायला हवाय. 'दहावी फ' शाळेतल्या शेवटच्या तुकडीतल्या मुलांचा. 'देवराई' स्किझोफ्रेनियाचा, अतुल कुलकर्णी, आणि त्यात नुसता पेशंट नाही, त्याला सांभाळणारी बहीण पण तेवढीच महत्त्वाची, आणि कोकणातली देवराई त्या माणसाच्या डोक्यात अशी गुंतलेली की जंगल कुठे संपतं आणि आजार कुठे सुरू होतो कळत नाही. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो पर्यावरणाचा, म्हणजे बघा एका सिनेमात किती गोष्टी. 'नितळ' कोड असलेल्या डॉक्टर मुलीचा. 'एक कप च्या' मध्ये किशोर कदम एसटी कंडक्टर, त्याला अवाच्या सवा लाईट बिल येतं आणि तो माहितीच्या अधिकारात अर्ज करतो, बास एवढाच विषय आणि दोन तास आपण त्या माणसाच्या मागे मागे ऑफिसं फिरतो. प्रत्येकावर लिहीत बसलो तर पत्र संपायचं नाही.

विषयावरचे सिनेमे म्हटलं की तुम्हाला प्रचारपट वाटतात हे मला माहितीये, माहिती खात्याची फिल्म असेल असं वाटतं. पण यांचं तसं होत नाही कारण सुमित्राताई आजाराची माहिती द्यायला म्हणून सिनेमा कधी थांबवत नाहीत, त्या स्वयंपाकघर दाखवतात, अंथरूण घालणं, दार लावणं, पाण्याचा तांब्या देणं. पटकथा त्यांची स्वतःची आणि घरातल्या वस्तू आणि कपड्यांकडेसुद्धा बऱ्याचदा त्याच बघायच्या, म्हणून त्यांच्या सिनेमातलं घर सेट वाटत नाही, कुणाचं तरी वापरातलं घर वाटतं. म्युझिक तुम्हाला रडा असं सांगत नाही. धनंजय कुलकर्णींचा कॅमेरा थांबतो, वाट बघतो. आणि नट ठराविक, परत परत तेच, त्यामुळे एखाद्या घरातली माणसं वेगवेगळ्या जन्मात भेटावीत तसं वाटतं.

'दिठी' हे त्याचं टोक आहे असं मला वाटतं. दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा, या वेळी दिग्दर्शन एकट्या सुमित्राताईंचं. पावसाने झोडपलेलं गाव, रामजी लोहार वारकरी आहे आणि त्याचा तरणा मुलगा पुरात गेलाय. किशोर कदम त्यात फार कमी बोलतात. पोथीला बसतात पण शब्द आत जात नाहीत. आणि मग त्या पावसाच्या रात्री एक गाय अडलीये आणि तिला सोडवायला या माणसाला जावं लागतं. बाळंतपण होतं गाईचं आणि तो अंधार, तो पाऊस, ते हात, ते मी लॅपटॉपवर बघितलं हेडफोन लावून, आणि सारखं वाटत होतं की हे मोठ्या पडद्यावर दोनशे माणसांबरोबर अंधारात बसून बघायचं आहे. सुमित्राताई १९ एप्रिल २०२१ ला गेल्या आणि 'दिठी' मेमध्ये ओटीटीवर आला. कोरोनात तेव्हा तुमची दारं बंदच होती, त्याबद्दल कुणाला काय म्हणणार. पण दारं उघडून आता कितीतरी वर्षं झाली.

आता तुमच्या कामाबद्दल बोलतो. मला तुमचं गणित कळत नाही असं समजू नका. लाईट, एसी, भाडं, स्टाफ, पाच माणसांसाठी शो चालवणं परवडत नाही, मान्य. पण हे बघा की हे सिनेमे बघणारा माणूस तिकीट कसं काढतो. शुक्रवारी लागलेला सिनेमा त्याला रविवारच्या पेपरात कळतो. तो सोमवारी बहिणीला फोन करतो, मंगळवारी भिशीत विषय निघतो, बुधवारी पोराला विचारतात आम्हाला सोडशील का. आणि तुमच्याकडे सोमवारीच निर्णय झालेला असतो. आमचा प्रेक्षक घरातून निघेपर्यंत सिनेमा उतरलेला असतो आणि मग तुमच्या कागदावर येतं की मराठी समांतर सिनेमाला प्रेक्षक नाही. प्रेक्षक आहे हो, तो फक्त उशिरा येतो.

२०१५ मध्ये सरकारने मराठी सिनेमाला प्राइम टाइम द्या म्हणून नियम केला, आधी संध्याकाळी सहा ते नऊ म्हणाले, मग दुपारी बारा ते रात्री नऊ झालं. त्यावर केवढा गदारोळ झाला आठवत असेल. पण त्याने आमच्या प्रश्नाला हात लागत नाही, कारण नियमात बसवून दुपारी साडेबाराचे शो तीन दिवस दिले तरी हा सिनेमा मरणारच आहे. याला शो कमी चालतील, पण आठवडे जास्त लागतात. 'अस्तु' २०१३ चा, राष्ट्रीय पुरस्कार मिळून सुद्धा थिएटरात यायला २०१६ उजाडलं, आणि नंतर तो जगला तो आम्ही बघितला तशा हॉलांमधून, एकाने दुसऱ्याला सांगून. तीच चाल तुम्ही तुमच्या स्क्रीनवर का नाही लावत एवढंच माझं विचारणं आहे.

आणि जुना सिनेमा परत लावणं आता तुम्हाला नवीन राहिलेलं नाही. २०२४ मध्ये 'तुंबाड' परत लावलात आणि पहिल्या वेळेपेक्षा जास्त चालला. सहा वर्षांत त्या सिनेमाबद्दल लोक बोलत राहिले म्हणूनच ना. 'देवराई' बद्दल तर वीस वर्षं लोक बोलतायत, मानसिक आजार असलेल्या घरांमध्ये एकमेकांना शोधून देतायत, कुणाकडे तरी कॉपी आहे का म्हणून.

तर मागणं असं आहे. आठवड्यातली एक संध्याकाळ, ठरलेला वार, ठरलेली वेळ, साडेसहा म्हणा कारण आमच्यातले बरेच जण साठीच्या पुढचे आहेत आणि नऊच्या आत घरी पोचायचं असतं. स्क्रीन सगळ्यात लहान द्या. सहा आठवडे, सहा सिनेमे, 'दोघी', 'वास्तुपुरुष', 'देवराई', 'अस्तु', 'कासव', 'दिठी', आणि पहिल्या आठवड्याला कमी माणसं आली तरी दुसऱ्या आठवड्याचा शो काढू नका, एवढा शब्द द्या. हक्क ज्यांच्याकडे आहेत त्यांच्याशी तुमचे लोक बोलले तर मार्ग निघेल. निर्मात्याकडून दर स्क्रीनमागे जे डिजिटलचे पैसे घेतले जातात, व्हीपीएफ, ते या सहा खेळांपुरते सोडून द्या, लहान निर्मात्याचा जीव तिथेच जातो. आणि संपल्यावर लगेच झाडू घेऊन माणसं आत पाठवू नका, अर्धा तास बसू द्या. हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं, कारण या सिनेमांचा अर्धा भाग दिवे लागल्यावर होतो, मी बघितलंय.

माणसं आणायचं काम आमच्याकडे. आमच्या ग्रुपने गेल्या महिन्यात नुसतं विचारून बघितलं, दोन ज्येष्ठ नागरिक संघ, एक नर्सिंग कॉलेज, एक समाजकार्याचं कॉलेज आणि एका वाचनालयाच्या बायका तयार आहेत. पॉपकॉर्न किती खातील सांगता येत नाही पण इंटरव्हलला चहा नक्की घेतील. पहिल्या खेळाची चाळीस तिकिटं आम्ही आगाऊ पैसे भरून घेतो, शो झाला काय नाही काय, ते पैसे परत मागणार नाही.

आई आता एकोणऐंशीची आहे. 'कासव' तिने अजून बघितलेला नाही. टीव्हीवर दाखवतो म्हटलं तर नको म्हणते, थेटरात लागला की सांग म्हणते. तर तेवढा वार कळवा.

तुमचा,
सांगलीचा एक प्रेक्षक